पूड हुंगवून तीन तास पुसता येत नाहीत

गेला महिनाभर आमच्या कुडाळ-सावंतवाडी भागातल्या व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपांवर एक मेसेज फिरतोय. सह्याद्रीच्या कड्यावर क्वचितच सापडणाऱ्या भुलवेलीची पूड घेऊन एक टोळी कोकणात उतरली आहे म्हणे. पत्ता विचारायच्या निमित्ताने ते व्हिजिटिंग कार्ड हातात देतात. कार्डाला लावलेल्या पुडीचा वास नाकात गेला की माणूस तीन तास ते सांगतील तसं वागतो, दागिने काढून देतो, त्याच्यापुरतं घड्याळ थांबतं आणि आठवणी कायमच्या पुसल्या जातात. शेवटची ओळ अशी: अनोळखी फेरीवाला दिसला तर पकडून ठेवा.

मी तीस वर्षं औषधाचं दुकान चालवलं. त्या शेवटच्या ओळीमुळे हे लिहायला बसलोय.

आधी भुलवेल. आपल्याकडे रानात वाट चुकली की चकवा लागला किंवा भुलवेल ओलांडली म्हणतात. अनुभव खरा आहे, वेल नाही. 2009 साली जर्मनीतल्या संशोधकांनी माणसांना जंगलात आणि वाळवंटात सरळ चालायला सांगितलं. सूर्य-चंद्र दिसत होते तोवर ती सरळ चालली. ते झाकोळले की गोल फिरून आपल्याच वाटेवर आली, आणि आपण नाकासमोर चालतोय याची त्यांना खात्री होती. आपल्या दाट राईत अमावास्येला दुसरं काय होणार?

आता कार्ड. असाच मेसेज स्कोपोलामीनच्या नावाने जगभर फिरून आलाय. ते द्रव्य खरं आहे, आपल्या परड्यातल्या धोतऱ्यातही असतं. पण बोट लागून किंवा कागद हुंगून माणूस गुंगत नाही. जहाजावर मळमळू नये म्हणून याच औषधाची पट्टी कानामागे लावतात. ती मुद्दाम कातडीतून औषध आत जावं अशीच बनवलेली असते, तरी तीन दिवसांत जेमतेम एक मिलिग्रॅम आत जातं, आणि गुण यायला चार तास आधी लावावी लागते. पट्टी लावून माणसं तीन-तीन दिवस काम करतात. मग कार्डाला क्षणभर लागलेल्या बोटाने काय होणार? आणि ती कार्डं दिवसभर खिशात घेऊन फिरणाऱ्या चोराला काहीच कसं होत नाही?

माणूस सांगितलेलं ऐकतो हे तर धोतरा पोटात गेलेला रुग्ण ज्याने पाहिलाय तो कधीच म्हणणार नाही. तोंडाला कोरड, डोळ्यांच्या बाहुल्या मोठ्या, अंग तापलेलं, छाती धडधडतेय, समोर नसलेल्या माणसांशी बडबड, अंगावरचे कपडे चिमटत राहणं. त्याला धरायला चार जण लागतात. तो शांतपणे बँकेत जाऊन सही करत नाही.

राहिलं आठवणी पुसण्याचं आणि वेळ थांबण्याचं. इथे जरा थांबायला हवं, कारण मेसेजमधला एवढाच भाग खऱ्याच्या जवळून जातो. काही औषधांनी मधले तास खरोखर आठवत नाहीत. दुर्बिणीने पोट तपासण्याआधी मिडाझोलाम देतात, रुग्ण डॉक्टरांशी बोलतो, सांगितल्यावर कूस बदलतो आणि घरी जाताना विचारतो, "तपासणी कधी करणार?" त्याची आठवण कुणी पुसलेली नसते. ती लिहिलीच गेलेली नसते. मेंदूत हिप्पोकॅम्पस नावाचा भाग नवी आठवण बसवतो, औषधाने तो काही तास काम करत नाही. बालपण, लग्न, मुलांची नावं जागच्या जागी असतात. आणि किती वेळ गेला हे आपण बरंचसं मधे काय काय घडलं त्या आठवणींवरूनच ठरवतो. मधलं काहीच नसलं की दुपारचे दोन एकदम पाचला जाऊन चिकटतात. घड्याळ थांबल्यासारखं वाटतं ते यामुळे.

हे औषधाशिवायही होतं. पन्नाशी-साठी ओलांडलेला धडधाकट माणूस गार पाण्यात डुंबून किंवा मोठ्या दगदगीनंतर अचानक "आपण इथे कसे आलो?" असं दर दोन मिनिटांनी विचारायला लागतो, काही तासांनी पूर्ववत होतो, पण मधला वेळ त्याला पुन्हा कधीच आठवत नाही. वैद्यकात याला ट्रान्झियंट ग्लोबल अ‍ॅम्नेशिया म्हणतात. पण मेंदूतला झटकाही सुरुवातीला असाच दिसू शकतो. अशा माणसाला 'पूड हुंगवली' म्हणून घरी झोपवून ठेवू नका, ताबडतोब डॉक्टरकडे न्या.

मग दागिने काढून दिले ते कसे? माझ्या मावशीचं सांगतो. एसटी स्टँडवर दोघांनी तिला पोलीस असल्याचं सांगितलं, पुढे चोऱ्या होतायत, बांगड्या रुमालात बांधून ठेवा म्हणाले. घरी येऊन गाठ सोडली तर आत खडे. ती सगळ्यांना एकच सांगत राहिली, "माका तेंनी कायतरी हुंगवल्यानी." वर्षभराने एका दुपारी माझ्याकडे बघून म्हणाली, "हुंगवल्यानी नाय रे. पोलीस म्हटल्यावर मी भियालंय. घरात कसा सांगतलंय?" मला तेव्हा फार वाईट वाटलं. बांगड्यांचं नाही, वर्षभर ती ते एकटीच वागवत होती त्याचं. फसलेल्या माणसाला आपण मूर्ख म्हणतो, म्हणून त्याला पुडीचा आधार घ्यावा लागतो. आणि पोलीस पूड शोधत बसले की रुमालवाले दोघे निवांत पुढच्या स्टँडवर.

गुंगीचं औषध देऊन लुटणारे आहेत, नाही असं नाही. पण ते पोटातून देतात: चहा, बिस्किट, सरबत, गाडीत शेजारच्याने प्रेमाने पुढे केलेलं. बहुधा लोराझेपामसारखी झोपेची गोळी असते. तसा संशय आला तर 112 ला फोन करा आणि त्याच दिवशी रुग्णालयात लघवी-रक्ताचा नमुना द्या, उशीर झाला की अंश सापडत नाही. गुन्हा भारतीय न्याय संहितेच्या कलम 123 खाली येतो, शिक्षा दहा वर्षांपर्यंत.

आणि ती शेवटची ओळ. 1 जुलै 2018 ला धुळे जिल्ह्यातल्या राईनपाड्यात मुलं पळवणारे आले या अफवेवर भिक्षेकरी समाजातल्या पाच जणांना ठार मारलं. 16 एप्रिल 2020 ला आपल्याच कोकणात, पालघरच्या गडचिंचल्यात, चोर समजून दोन साधू आणि त्यांचा गाडीचालक. या दोन्ही ठिकाणी आधी फिरली होती ती अफवाच.

परवा आमच्या तिठ्यावर चादरी विकणाऱ्याला पोरांनी अडवलं. दहा-बारा वर्षं तो दिवाळीनंतर येतो. खिशातून कार्डं काढायला लावली. वर त्याचा मोबाइल नंबर होता. मी एक कार्ड घेतलं, सगळ्यांसमोर नाकाशी धरून हुंगलं आणि खिशात ठेवलं. पोरं बाजूला झाली. त्याने गठ्ठा पुन्हा बांधला, पण यंदा वरच्या वाडीत तो गेलाच नाही.