प्रशासकाचा काळ म्हणे सुवर्णकाळ!

जानेवारी 2026 मध्ये महापालिकांच्या निवडणुका झाल्या आणि एक मेसेज फिरायला लागला. ठाण्यातल्या बहुतेक सोसायट्यांच्या ग्रुपवर तो येऊन गेला असणार. आमच्या मामांनी तर खाली 'शंभर टक्के खरं' असं लिहून तो पुढे ढकलला. मजकूर थोडक्यात असा: मुदत संपूनही निवडणूक न झाल्याने नगरसेवक नव्हते तेव्हा आयुक्तांनीच प्रशासक म्हणून शहर उत्तम चालवलं, टक्केवारी (कंत्राटातलं कमिशन) बंद झाली, अधिकारी परीक्षा देऊन आलेला असल्याने कुणाच्या दबावात नसतो, नवी मुंबईला स्वच्छतेत वरचा नंबर मिळाला, नगरसेवकांचा खर्च वाचला, तेव्हा प्रशासकच कायम ठेवा.

किरकोळ गोष्टी आधी उरकू. नगरसेवकांच्या मानधनाची ओळ पालिकेच्या अर्थसंकल्पात शोधायला भिंग लागेल, त्यामुळे तो मुद्दा सोडून देऊ. स्वच्छतेचं म्हणाल, तर 2020 च्या स्वच्छ सर्वेक्षणात नवी मुंबई देशात तिसरी आली. त्याची पाहणी झाली जानेवारी 2020 मध्ये आणि सभागृहाची मुदत संपली मे 2020 मध्ये. म्हणजे तो नंबर नगरसेवक असतानाचा. नंतरही नंबर टिकला, हे मान्य. पण मिळवला कुणी, ते मेसेजवाल्याने सोयीने गाळलं.

आता 'दबावात नसतो'. आयुक्ताची नेमणूक राज्य सरकार करतं, बदलीही तेच करतं. महाराष्ट्र महानगरपालिका अधिनियम, 1949 च्या कलम 36 मध्ये शहराच्या हातात एकच दोरी ठेवली आहे: एकूण नगरसेवकांपैकी पाच-अष्टमांश जणांनी ठराव केला, तर सरकारने आयुक्ताला तात्काळ परत बोलवावं. नवी मुंबईच्या 111 जणांच्या सभागृहात त्यासाठी 70 मतं लागतात. ऑक्टोबर 2016 मध्ये तेव्हाचे आयुक्त तुकाराम मुंढे यांच्याविरुद्ध शंभराहून अधिक मतं पडली. सरकारने मानलं नाही, मुंढे राहिले आणि मार्च 2017 मध्ये सरकारच्या सोयीने त्यांची बदली झाली. मुंढे बरोबर होते की नगरसेवक, हा वाद बाजूला ठेवा. आयुक्त कुणाला उत्तर देतो, ते यातून कळतं. सभागृहच नसेल तर ही एक दोरीही जाते आणि आयुक्ताच्या वर उरतं ते फक्त नगरविकास खातं. ते खातं 2020 पासून जवळपास अखंड एकनाथ शिंदे यांच्याकडे आहे, हे ठाणेकरांना मी सांगायला नको.

खरा घोळ 'टक्केवारी बंद झाली' यात आहे. टक्केवारी होती, आणि नगरसेवक त्यात होते, हे नाइलाजाने कबूल करतो. ठाणे पालिकेतल्या टक्केवारीची चौकशी करणाऱ्या नंदलाल समितीचं नाव जुने ठाणेकर विसरलेले नाहीत. महासभेत, म्हणजे सगळ्या नगरसेवकांच्या सभेत, आयत्या वेळचे (कार्यक्रमपत्रिकेत नसलेले) विषय कसे धडाधड मंजूर होत, हेही सगळ्यांनी पाहिलं आहे. पण म्हणून मधला माणूस काढला की चोरी थांबते, हे गणित कुठलं?

कंत्राट मंजूर कसं होतं ते बघा. पालिकेचं खातं प्रस्ताव तयार करतं, आयुक्त तो नगरसेवकांच्या स्थायी समितीपुढे ठेवतात. समितीत 16 सदस्य, दरवर्षी निम्मे निवृत्त होतात, त्यात विरोधकही असतात. ठरावीक रकमेपुढच्या कंत्राटाला या समितीची मंजुरी लागते. निविदा न काढता काम द्यायचं असेल तर त्याच अधिनियमाच्या अनुसूचीतल्या प्रकरण 5 चा नियम 2(2) आहे. पालिकेत त्याला सरळ 'पाच-दोन-दोन' म्हणतात. त्यासाठी कारण लेखी द्यावं लागतं आणि समितीची संमती घ्यावी लागते. मुख्य लेखापरीक्षकाचा अहवालही जातो तो याच समितीकडे.

प्रशासक आला की काय होतं? आयुक्त म्हणून जो अधिकारी प्रस्ताव मांडतो, तोच प्रशासक म्हणून त्याला मंजुरी देतो. समितीचे अधिकार त्याच्याकडे, महासभेचेही त्याच्याकडे. निविदा टाळण्याची परवानगी तो स्वतःकडेच मागतो आणि स्वतःलाच देतो. त्याच्या खर्चावरचे आक्षेप लेखापरीक्षक त्याच्याच टेबलावर ठेवतो. परीक्षार्थीनेच पेपर तपासावा, तसलं हे. प्रशासक प्रामाणिक असेलही. पण तो प्रामाणिक आहे हे तुम्हाला कळणार कसं? पूर्वी विरोधी नगरसेवक प्रस्तावाचा गोषवारा पत्रकारांच्या हातात द्यायचा, सभेत लक्षवेधी सूचना मांडायचा, निदान आरडाओरडा तरी करायचा. त्यातले काही जण वाटा मिळाला नाही म्हणून ओरडायचे, हेही खरं. तरी बातमी बाहेर यायची. प्रशासकाच्या काळात बातमी आली नाही, तर मामांना वाटतं घोटाळाच नव्हता.

नवी मुंबईचा विकास आराखडा घ्या. मसुदा महासभेपुढे आला तेव्हा सभागृह अस्तित्वात होतं. तो लोकांच्या हरकतींसाठी प्रसिद्ध झाला ऑगस्ट 2022 मध्ये. मधल्या काळात मैदानं, शाळा, बाजार यांसाठी सिडकोच्या (नवी मुंबई वसवणाऱ्या सरकारी कंपनीच्या) भूखंडांवर टाकलेल्या आरक्षणांवरून सिडको आणि पालिका यांची ओढाताण चालली होती. दोन्हीकडे सरकारने नेमलेले अधिकारी, आणि निवाडा करणारं तेच नगरविकास खातं. आपल्या नोडमध्ये (सिडकोने वसवलेल्या उपनगरात) मैदान राहणार की टॉवर येणार, यावर मत देऊ शकणारा, तुम्ही निवडून दिलेला माणूस त्या खोलीत नव्हता. एकदा आरक्षण उठून भूखंड विकला गेला की तिथे मैदान परत आणता येत नाही.

'प्रशासकच कायम ठेवा' याला उत्तर द्यायचीही गरज नाही, पण देतो. संविधानाच्या अनुच्छेद 243-यू नुसार पालिकेची मुदत पाच वर्षं, आणि ती संपण्याआधी निवडणूक पूर्ण झालीच पाहिजे. नवी मुंबईत साडेपाच वर्षांहून जास्त आणि ठाण्यात मार्च 2022 पासून पावणेचार वर्षांहून जास्त जे चाललं, त्याचं मूळ कोविड, ओबीसी आरक्षण आणि प्रभागरचनेच्या वादात आहे. शेवटी सर्वोच्च न्यायालयाला 6 मे 2025 रोजी आदेश द्यावा लागला, तेव्हा कुठे निवडणुका लागल्या. ज्याला सुवर्णकाळ म्हणताय, तो संपवायला कोर्टाला यावं लागलं.

तरीही शंका असेल तर माहितीच्या अधिकारात अर्ज टाका. दहा रुपये शुल्क, तीस दिवसांची मुदत. महाराष्ट्रात एका अर्जात एकच विषय आणि 150 शब्दांची मर्यादा आहे, त्यामुळे दोन वेगळे अर्ज करा. पहिल्यात प्रशासक काळातल्या प्रशासकीय ठरावांची यादी मागा, दुसऱ्यात पाच-दोन-दोनखाली निविदेविना दिलेली कामं, त्यांच्या रकमा आणि नोंदवलेली लेखी कारणं. वर्ष नेमकं लिहा, नाहीतर 'माहिती विस्तृत स्वरूपाची आहे' असं उत्तर येईल. यादी हातात आली की तीच त्या ग्रुपवर टाका.