लिझ स्मिथ यांची उशिरा सुरू झालेली कारकीर्द

लिझ स्मिथ या ब्रिटिश अभिनेत्रीविषयी लिहिणारे बहुतेक जण एकच गोष्ट सांगतात. पन्नाशीला टेकलेल्या लिझबाई लंडनमधल्या हॅम्लीज या खेळण्यांच्या दुकानात नाताळच्या गर्दीत विक्रीचे काम करत होत्या. तेवढ्यात माइक ली या तरुण दिग्दर्शकाकडून बोलावणे आले आणि त्यांचे नशीब उघडले. गोष्ट खरी आहे, पण तिच्यातून सबुरीचे जे गोडवे गायले जातात, ते मला पटत नाहीत. संसार मोडल्यावर दोन मुलांना वाढवताना मिळेल ती नोकरी करणाऱ्या लिझबाई फावल्या वेळात चार्ल्स मॅरोविट्झ यांच्या नाट्यगटात उत्स्फूर्त अभिनयाचा सराव करत होत्या. ली यांना हवी होती लिखित संहितेवाचून, तालमींतूनच पात्र उभे करू शकणारी मध्यमवयीन अभिनेत्री. म्हणजे कामी आले ते कौशल्य, आणि ते त्यांच्यापाशी आधीपासूनच होते. वाया गेलेली वर्षे कौतुकाची कशी ठरतात, हे मला कळलेले नाही.

ली यांच्या ‘ब्लीक मोमेंट्स’ (१९७१) या चित्रपटानंतर बीबीसीच्या ‘हार्ड लेबर’ (१९७३) मध्ये त्यांना मोलकरणीची मध्यवर्ती भूमिका मिळाली. पुढे मात्र वाट्याला आल्या त्या बहुतांशी आया, आज्या आणि विक्षिप्त शेजारणी.

त्यांची खरी करामत मला ‘अ प्रायव्हेट फंक्शन’ (१९८४) या चित्रपटात दिसते. १९४७ सालचे यॉर्कशर, मांसाचे रेशनिंग आणि चोरून घरात आणलेले डुक्कर, असा सगळा मामला. घरात दुर्गंधी सुटली की मॅगी स्मिथ यांनी रंगवलेली मुलगी खुशाल म्हाताऱ्या आईवर खापर फोडते. लिझबाईंची ही आई दयेची याचना करत नाही. ती हावरट आहे, संशयी आहे आणि आपल्याला घराबाहेर काढतील या भीतीने सदैव कान टवकारून बसलेली आहे. सहायक अभिनेत्रीचा बाफ्टा हा ब्रिटिश चित्रपट पुरस्कार त्यांना याच भूमिकेसाठी मिळाला.

‘द व्हिकार ऑफ डिब्ली’ या टीव्ही मालिकेतल्या भयंकर पाककृती करणाऱ्या लेटिशिया क्रॉप्लीबाई लोकप्रिय झाल्या खऱ्या, पण ती एकाच विनोदावर तोललेली भूमिका होती. ‘द रॉयल फॅमिली’ (राजघराण्याशी संबंध नाही, हे मँचेस्टरचे एक कष्टकरी कुटुंब) या मालिकेतली नाना (म्हणजे आजी) त्याहून कितीतरी सखोल. २००६ च्या विशेष भागात तिचा पलंग थेट दिवाणखान्यात, टीव्हीसमोर येतो. सू जॉन्स्टन यांची बार्बरा आईचे केस विंचरते त्या प्रसंगी लिझबाई जवळजवळ काहीच ‘करत’ नाहीत. मात्र एरवी हट्टी आणि आपमतलबी असलेल्या या म्हातारीची लेकीवरची माया तिथे अचानक उघडी पडते.

२००९ मध्ये त्या निवृत्त झाल्या आणि २४ डिसेंबर २०१६ रोजी, वयाच्या ९५ व्या वर्षी गेल्या. ज्यांना त्या केवळ ‘नाना’ म्हणून ठाऊक आहेत, त्यांनी ‘हार्ड लेबर’ आवर्जून पाहावे.