डायना रिग चाळीस वर्षं ‘गायब’ कुठे होत्या?

ब्रिटिश अभिनेत्री डायना रिग यांच्याबद्दलचा एक मजकूर वर्षानुवर्षं पुढे पाठवला जातोय. त्याचं सार असं: ‘द अव्हेंजर्स’ या ब्रिटिश हेरगिरीच्या टीव्ही मालिकेनं त्यांना घडवलं, १९६९च्या बाँडपटानंतर त्या चाळीसेक वर्षं दिसेनाशा झाल्या आणि ‘गेम ऑफ थ्रोन्स’नं त्यांना पुन्हा उजेडात आणलं. यातलं एकही विधान खरं नाही.

आधी ‘मालिकेनं घडवलं’ हे पाहू. रिग लंडनच्या रॉयल अकॅडमी ऑफ ड्रॅमॅटिक आर्टमध्ये शिकल्या आणि १९५९ मध्ये स्ट्रॅटफर्डच्या नाटक कंपनीत गेल्या. हीच पुढे रॉयल शेक्सपिअर कंपनी झाली. १९६२ मध्ये पीटर ब्रूक यांच्या ‘किंग लिअर’मध्ये पॉल स्कोफिल्ड यांच्यासमोर त्या राजाची धाकटी लेक कॉर्डेलिया होत्या. म्हणजे १९६५ मध्ये त्या ‘द अव्हेंजर्स’ची नायिका एमा पील म्हणून पडद्यावर आल्या तेव्हा चांगल्या मुरलेल्या नटी होत्या. ही भूमिका आधी एलिझाबेथ शेफर्ड यांना दिली होती, त्यांना बदलून रिग आल्या. मालिका चालू असताना, १९६६ मध्ये, त्या स्ट्रॅटफर्डला परतून ‘ट्वेल्फ्थ नाइट’मधली व्हायोलाही करून आल्या.

मालिकेतला त्यांचा वाटाही फुगवून सांगितला जातो. एकूण १६१ भागांपैकी त्यांचे ५१: २६ कृष्णधवल, २४ रंगीत आणि १९६८ मधला एक निरोपाचा. (मार्व्हलच्या ‘अव्हेंजर्स’शी या मालिकेचा काहीही संबंध नाही, हा घोटाळा फार होतो.) कॅमेरामनपेक्षा आपल्याला कमी पैसे मिळतात हे कळल्यावर त्यांनी उघडपणे वाढ मागितली आणि मिळवली. इतर कलाकारांनी साथ न देता त्या काळात हे करायला हिंमत लागते, आणि पुढे पाठवल्या जाणाऱ्या मजकुरात नेमकं हेच नसतं.

आता ती ‘गायब’ वर्षं. ‘ॲबेलार्ड अँड हेलोइज’साठी १९७१ मध्ये आणि ‘द मिझनथ्रोप’साठी १९७५ मध्ये टोनी या ब्रॉडवेच्या नाट्यपारितोषिकाचं नामांकन. १९७२ मध्ये नॅशनल थिएटरमध्ये टॉम स्टॉपर्ड यांच्या ‘जम्पर्स’चा पहिला प्रयोग, आणि अँथनी हॉपकिन्स यांच्याबरोबर लेडी मॅकबेथ. पडद्यावर १९७३चा ‘थिएटर ऑफ ब्लड’, १९८२चा ‘इव्हिल अंडर द सन’. १९८३ मध्ये लॉरेन्स ऑलिव्हिए यांच्या टीव्हीवरच्या ‘लिअर’मध्ये त्या रीगन झाल्या. एकवीस वर्षांपूर्वीची गुणी धाकटी लेक त्याच नाटकात क्रूर मधली बहीण होऊन आली. नटीचा आवाका मोजायला इतकं पुरे. १९८५ मध्ये ‘ब्लीक हाउस’ मालिका, १९८७ मध्ये ‘फॉलीज’ हे संगीत नाटक, १९८९ मध्ये बीबीसीची ‘मदर लव्ह’ ही मालिका आणि तिच्यासाठी बाफ्टा हे ब्रिटिश पारितोषिक. १९९२ मध्ये लंडनच्या अल्मेडा थिएटरमध्ये ‘मीडिया’ ही ग्रीक शोकांतिका, तेच नाटक ब्रॉडवेवर गेल्यावर १९९४चा टोनी. त्याच वर्षी ‘डेम’ हा ब्रिटिश किताब. सगळंच यशस्वी झालं असं नाही: १९७३ मधली त्यांची अमेरिकन विनोदी मालिका ‘डायना’ एका हंगामातच बंद पडली.

गैरसमज होतो तो यादी वाचण्याच्या पद्धतीमुळे. बहुतेक जण फक्त चित्रपटांची यादी उघडतात, त्यात सत्तरनंतर नावं विरळ दिसतात. नाटक आणि टीव्हीच्या याद्या वेगळ्या उघडाव्या लागतात. शिवाय नाटकाचं वर्ष आणि पारितोषिकाचं वर्ष एकच धरलं की हिशेब चुकतो: ‘मीडिया’ १९९२चं, टोनी १९९४चा. नट रंगभूमीवर असला म्हणजे कामाविना बसलाय असं मराठी प्रेक्षक तरी म्हणणार नाही.

‘गेम ऑफ थ्रोन्स’नं (२०१३ ते २०१७) त्यांना नवा प्रेक्षक दिला, हे मात्र मान्य. त्यातल्या ओलेना टायरेलच्या भूमिकेसाठी एमी या अमेरिकन टीव्ही पारितोषिकाची चार नामांकनं मिळाली, पण एमी मिळाली नाही. ती त्यांच्याकडे १९९७ पासूनच होती, ‘रिबेका’मधल्या मिसेस डॅनव्हर्ससाठी.

भारतीय वाचकांनी आवर्जून सांगावी अशी गोष्ट तर त्या मजकुरात येतच नाही. वडील बिकानेर संस्थानाच्या रेल्वेत असल्यानं रिग आठ वर्षांच्या होईपर्यंत तिथेच वाढल्या आणि हिंदी बोलत.

१९७४ मध्ये लंडनला ‘पिग्मॅलियन’मध्ये त्या फुलवाली एलायझा होत्या. २०१८ मध्ये, ओलेना संपल्यानंतर, त्याच कथेवरच्या ‘माय फेअर लेडी’मध्ये ब्रॉडवेवर त्या प्रोफेसर हिगिन्सची आई म्हणून उभ्या राहिल्या आणि पुन्हा एकदा टोनीच्या नामांकनात आल्या.