शहाळं आणू नका

बाबांच्या खोलीच्या दारावर एवढा कागद लावायचाच राहिला होता. गेल्या उन्हाळ्यात ते आठ दिवस ठाण्यातल्या एका हॉस्पिटलात होते. भेटायला येणाऱ्या प्रत्येकाच्या हातात तीच फुगलेली पिशवी. दोन शहाळी, फारच जवळचे असतील तर चार. मावशी डोंबिवलीहून आली ती लोकलच्या गर्दीत शहाळी पोटाशी धरून. सत्तरीच्या बाईला कसं सांगणार, की अगं, हेच तर त्यांना बाधलंय? मी पिशवी घेतली, हसले आणि कॉटखाली सरकवली. चौथ्या दिवशी वॉर्डबॉय म्हणाला, "ताई, खाली गाडी लावायचीय का?"

लोकांना नावं ठेवायला मला तोंड नाही. बाबांना तिथवर पोचवलं होतं मीच, आणि तेही शहाळ्यानंच.

बाबांना बीपी जुनं. किडनीही गेली काही वर्षं कुरकुरत होती, किडनी किती थकलीय ते सांगणारं रक्तातलं क्रिएटिनिन दोनच्या वर. डॉक्टरांनी मीठ कमी करा म्हणून सांगितलेलं, ते आम्ही निष्ठेनं पाळायचो. मी सकाळी कचराळी तलावाला फेऱ्या मारायला जाते. तिथलं दृश्य ठाणेकरांना माहीत आहे. कारल्याचा रस, दुधीचा रस, गव्हांकुर, सगळी कडू-हिरवी मंडळी रांगेत मांडलेली. थोडं पुढे अण्णाची शहाळ्याची गाडी. एप्रिल-मेचा तो घामट उकाडा, बाबांना जेवण जाईना. मी विचार केला, सरबतात साखर, ताकात मीठ, चहानं ॲसिडिटी. शहाळं बरं. हलकं, थंड, देवानं पॅक केलेलं. रोज एक मोठं शहाळं फोडून स्टीलच्या बाटलीत घालून घरी आणायचे. तीन आठवडे. "बरं वाटतं गं प्यायला," म्हणायचे ते, आणि मला आपण फार मोठी सेवा करतोय असं वाटायचं.

मग एक दिवस त्यांना खुर्चीतून उठताच येईना. पायांत जोर नाही, छातीत कसंतरी होतंय. ईसीजी काढला, रक्त तपासलं. पोटॅशियम ६.४. असायला हवं साडेतीन ते पाचच्या मध्ये. किडनीच्या डॉक्टरीणबाईंनी आहार विचारला. मी शाळेतल्या हुशार मुलीसारखी सगळं धडाधड सांगत गेले. शहाळं म्हटल्यावर त्यांचं पेन थांबलं.

"रोज? अख्खं?"

हिशेब साधा आहे, आधी कुणीतरी समोर बसवून करून घ्यायला हवा होता एवढंच. शंभर मिली शहाळ्याच्या पाण्यात साधारण २५० मिलिग्रॅम पोटॅशियम. नारळ किती कोवळा आणि कुठल्या जातीचा, त्यावर थोडं इकडेतिकडे. मोठ्या शहाळ्यात तीन-साडेतीनशे मिली पाणी निघतं. म्हणजे एका शहाळ्यात दोन केळ्यांएवढं पोटॅशियम. धडधाकट माणसाची किडनी ते लघवीतून बाहेर टाकते आणि विषय संपतो. अधू किडनीला ते जमत नाही, ते रक्तात साठतं, आणि पोटॅशियमचा पहिला राग हृदयाच्या ठोक्यावर निघतो. त्यात बाबांची बीपीची गोळी टेल्मिसार्टन. ही आणि रॅमिप्रिलसारख्या तिच्या भावंडगोळ्या शरीरातलं पोटॅशियम धरून ठेवतात. अशा रुग्णाला दिवसाकाठी साधारण दोन हजार मिलिग्रॅमची मर्यादा घालतात. आता आमच्याकडे भाजी आधी उकडून तिचं पाणी फेकतात, मग फोडणी. तेव्हा मात्र मी त्या मर्यादेतला जवळजवळ अर्धा वाटा सकाळी सातलाच बाटलीतून पाजत होते.

धडधाकट माणसानंही फार माज करू नये बरं का. अमेरिकेतल्या ४२ वर्षांच्या एका माणसाची केस २०१४ साली हृदयरोगाच्या नियतकालिकात छापून आली. भर उन्हात टेनिस खेळताना गड्यानं दिवसभरात आठ बाटल्या नारळपाणी प्यायलं, म्हणजे जवळपास अडीच लिटर, आणि कोसळला. वाचला.

बाबा घरी आले आणि मी वाचायला बसले. अपराधी माणूस फार वाचतो. मला जाणून घ्यायचं होतं, की 'आजाऱ्याला शहाळं' हे आपल्या आज्यांचं शहाणपण जगभर 'सुपर हायड्रेशन' कसं झालं. आमची भाची ऐरोलीला कंपनीत आहे. तिच्या टेबलावर नारळपाण्याचा छोटा डबा असतो, दहा मिनिटांत घरपोच येणारा. ती 'नारळपाणी प्यायले' म्हणतच नाही, "हायड्रेट केलं" म्हणते.

गोष्ट मजेशीर आहे. २००३ साली न्यूयॉर्कच्या एका बारमध्ये दोन मित्रांना दोन ब्राझीलच्या मुली भेटल्या. घरची कशाची आठवण येते, तर म्हणाल्या, नारळपाण्याची. त्यातून २००४ साली विटा कोको ही नारळपाण्याची कंपनी निघाली. योगायोग असा, की त्याच वर्षी मार्क रॅम्पोला नावाच्या माणसानं झिको काढली. तो आधी समाजसेवेचा स्वयंसेवक म्हणून कोस्टा रिकाला राहून आलेला. ब्राझीलमध्ये समुद्रकिनाऱ्यावर हिरवं शहाळं तसं रोजचंच. यांनी ते खोक्यात भरून योगा स्टुडिओत आणि जिममध्ये नेलं. मडोनानं पैसे गुंतवले, रिहाना जाहिरातीत आली. पेप्सीनं ब्राझीलमधली नारळपाण्याची कंपनी घेतली, कोका-कोलानं झिकोत आधी पैसे घातले आणि २०१३ मध्ये ती पूर्णच घेतली. २०२० च्या शेवटी कोकनं तिचं दुकान बंद केलं आणि जुन्या मालकानं ती परत विकत घेतली. म्हणजे फेरीवाल्यानं गाडी विकावी आणि दिवाळं निघाल्यावर स्वस्तात परत घ्यावी, तसं. विटा कोको मात्र २०२१ मध्ये शेअर बाजारात उतरली, तिची वर्षाची विक्री २०२४ मध्ये पन्नास कोटी डॉलरच्या वर गेली. थायलंडची एक कंपनी चीनला नारळपाणी विकून २०२५ मध्ये हाँगकाँगच्या बाजारात नोंदली गेली. तिच्याकडे माणसं पन्नासही नव्हती. नारळ दुसऱ्याचे, भरणारे दुसरे, यांचं फक्त नाव.

नाव विकायचं तर गुण सांगावे लागतात. 'खेळाडूंच्या पेयापेक्षा पंधरापट इलेक्ट्रोलाइट', म्हणजे सोडियम-पोटॅशियमसारखे क्षार, असं विटा कोको सांगायची. २०११ साली एका स्वतंत्र प्रयोगशाळेनं नारळपाण्याचे काही ब्रँड तपासले, तर काहींत सोडियम लेबलवर छापल्यापेक्षा बरंच कमी. ग्राहक कोर्टात गेले, कंपनीनं तडजोड केली आणि दाव्यांची भाषा सौम्य केली. पुढच्या वर्षी त्याच कंपनीच्या पैशानं झालेला अभ्यास वाचा. व्यायामाची सवय असलेल्या बारा पुरुषांना घाम काढून साधं पाणी, नारळपाणी आणि स्पोर्ट्स ड्रिंक पाजलं. अंगातलं पाणी भरून यायला तिन्ही सारखीच. नारळपाणीवाल्यांची पोटं मात्र थोडी फुगली. साधं पाणी! आमच्या नळाला येणारं, दर शुक्रवारी बंद असलं तरी.

घामातून जातं ते मुख्यतः सोडियम. शहाळ्यात जास्त पोटॅशियम, सोडियम थोडं. म्हणून दहीहंडीचा सराव करून आलेल्या पोराला शहाळं द्याच, पण बरोबर चिमूटभर मीठ किंवा दोन भाकऱ्या आणि लोणचंही द्या. जुलाबात तर फार जपून. डब्ल्यूएचओच्या ओआरएसमध्ये लिटरमागे सोडियम ७५ मिलिमोल आणि पोटॅशियम २०, शहाळ्यात हे प्रमाण उलटं पडतं. शेजारच्या काकू म्हणतात, "युद्धात सैनिकांना सलाईन म्हणून नारळपाणीच चढवायचे." सॉलोमन बेटांवर सलाईन नव्हतं तेव्हा एका रुग्णाला ते शिरेतून दिल्याची नोंद २००० साली वैद्यकीय नियतकालिकात आहे खरी. पण तो नाइलाज होता. घर जळताना शेणाच्या पाण्यानंही आग विझवतात, म्हणून अग्निशमन दल शेण घेऊन फिरत नाही.

आता मला ज्याचा खरा राग आला ते सांगते. मी समजत होते डबा म्हणजे पॅकबंद शहाळं. बऱ्याचदा ते शहाळं नसतंच. शहाळं म्हणजे साधारण सात महिन्यांचा नारळ. तो बारा महिन्यांचा झाला की जून नारळ, खोबऱ्याचा. फिलिपाइन्स आणि इंडोनेशियात या जून नारळाचं खोबरं किसून सुकवायचे मोठाले कारखाने आहेत. त्यांना पाणी नकोच असायचं, ते गटारात जायचं. त्या फेकण्याच्या पाण्याला बाजार मिळाला. गरम करून निर्जंतुक केलं, खोक्यात भरलं, कधी आधी आटवून नंतर पुन्हा पाणी घातलं, कधी साखर. फेकण्याची वस्तू वापरात आली हे चांगलंच. तिला कोवळ्या हिरव्या नारळाचं चित्र लावून विकू नका, एवढंच म्हणणं आहे. हातात खोका घेतलात तर मागचं बारीक वाचा, पुढचं चित्र नाही. 'कॉन्सन्ट्रेटपासून' (म्हणजे आटवलेल्या पाण्यापासून) आणि 'साखर' हे दोन शब्द शोधा.

नारळ फोडला की घड्याळ चालू होतं, हेही खरं. आतलं पाणी बंद असेपर्यंत निर्जंतुक, हवा लागली की त्यातली एन्झाइम्स कामाला लागतात, रंग फिरतो. थायलंडच्या न उकळलेल्या बाटल्यांतलं पाणी गुलाबी होतं ते यामुळेच. डेन्मार्कमध्ये ६९ वर्षांच्या एका गृहस्थांनी सोललेलं, स्ट्रॉ घालायची सोय केलेलं शहाळं महिनाभर फ्रीजबाहेर ठेवलं आणि मग घोट घेतला. चव वाईट लागली म्हणून थांबले, पण आत वाढलेल्या बुरशीच्या विषानं एक-दोन दिवसांतच गेले. आपल्याकडे ही भीती कमी, कारण अण्णा कोयत्यानं समोर फोडतो आणि आपण उभ्याउभ्या संपवतो. कोयता हे जगातलं सगळ्यात भारी पॅकेजिंग तंत्रज्ञान आहे, असं माझं मत झालंय.

अण्णा मद्दूरकडचा. कर्नाटकातला मद्दूर म्हणजे शहाळ्याचा मोठा बाजार, तिथून ट्रक निघतो. काही वर्षांपूर्वी चाळीसला मिळणारं शहाळं आता ऐंशी. "अण्णा, सोन्याचं झालं का पाणी?" तो आपल्या मराठीत सांगतो, "ताई, पाऊस नाय पडला तेव्हा. झाडाला पांढरी माशी. आणि आता मालक कोवळा काढतच नाय." पहिल्या दोन गोष्टी मला कळल्या, तिसरी त्यानं समजावली. खोबऱ्याचा भाव चढला, की बागायतदार शहाळं उतरवायचं थांबवतो आणि नारळ झाडावरच जून होऊ देतो. म्हणजे तुमच्या-माझ्या ग्लासातलं पाणी खोबऱ्याच्या बाजारभावावर ठरतं. मला हे पन्नाशीपर्यंत माहीत नव्हतं, आणि माझं आजोळ वेंगुर्ल्याचं! कोवळा अडसर आणि न सोललेला असोला नारळ यांतला फरक मला बोलता यायच्या आधी कळला असेल.

२२ सप्टेंबर २०२५ पासून पॅकबंद नारळपाण्यावरचा जीएसटी १२ वरून ५ टक्क्यांवर आला. भाचीनं आनंदानं मेसेज पाठवला. ताज्यावर कर नव्हताच. पण अण्णाचा खर्च करात नाही, भाड्यात आहे, उन्हात सुकणाऱ्या मालात आहे आणि संध्याकाळी उरलेल्या सोडणांच्या ढिगात आहे. त्या ढिगाची सोय तो कशी लावतो हा वेगळा विषय. पावसाळ्यात त्याच करवंट्यांत पाणी साचून डेंग्यूचे डास होतात म्हणून पालिका ओरडते, आणि बरोबर ओरडते. मी तरी आता शहाळं मलईसाठी फोडून घेतल्यावर ते उलटं टाकते. तेवढंच.

मी शहाळं सोडलेलं नाही. मला काही झालेलं नाही, शंभर मिलीला वीस कॅलरी, कोल्ड्रिंकच्या साधारण निम्म्या, आणि चव अशी की कुठल्याच कारखान्याला जमलेली नाही. पातळ मलईचं मागते. आजाऱ्याकडे जाताना मात्र आधी फोन करते, किडनीचं, हृदयाचं काही आहे का. विचारायला लाज वाटते, पण विचारते. नसेल काही, तरीही मोसंबीच नेते. पण मग आठवतं, मोसंबीतही आहेच की पोटॅशियम. शेवटी रिकाम्या हातानं गेले परवा एकीकडे. काय वाटलं असेल तिला कोण जाणे.

बाबा आता ठीक आहेत. पोटॅशियम पाचच्या खाली, शहाळं बंद, केळं बंद, टोमॅटो मोजून. नारळी पौर्णिमेला चेंदणी कोळीवाड्यातली मिरवणूक गॅलरीतून ऐकू आली तेव्हा घरी देवापुढे नारळ वाढवला. पाणी मी फुलपात्रात धरलं. बाबा स्वयंपाकघराच्या दारात येऊन उभे. काही बोलले नाहीत, नुसते उभे. डॉक्टरीणबाईंना फोन केला, त्या हसल्या, म्हणाल्या, दोन चमचे चालेल.

दोन चमचे दिले. उरलेलं मी प्यायले. जून नारळाचं पाणी, किंचित खारट, किंचित तुरट, शहाळ्याच्या जवळपासही नाही.

"किती झालं?" त्यांनी विचारलं. मी तर आता कॅल्क्युलेटरच झालेय. म्हटलं, "दहा मिली. पंचवीस मिलिग्रॅम धरा."

"प्रसादाचं धरायचं नसतं," असं म्हणून त्यांनी चमचा पुन्हा पुढे केला.