मांजराची नखे कापणे म्हणजे बोटे छाटणे नव्हे

मराठवाड्यातील घरगुती व्हॉट्सॲप गटांवर एक संदेश वारंवार फिरतो. नखे कापणे म्हणजे मांजराची बोटे छाटणेच आहे. ओरबाडून नखे आपोआप झिजतात, म्हणून कापण्याची गरज नाही. कापायचीच झाल्यास मानगुटीला धरून, पोत्यात गुंडाळून सगळी एका दमात कापावीत. आणि एकदा कापली की ओरखड्याची भीती संपते, असे त्यात म्हटले आहे.

पहिला आक्षेप गल्लतीतून आला आहे. नखे कायमची काढण्याच्या शस्त्रक्रियेत बोटाचे शेवटचे हाडच कापतात, आणि ती अनेक देशांत निषिद्ध आहे. घरी आपण केवळ नखाचे निर्जीव टोक काढतो. फिकट नखात आतला गुलाबी भाग स्पष्ट दिसतो; रक्तवाहिनी व मज्जातंतू तिथेच असल्याने त्याच्या दोनएक मिलिमीटर अलीकडेच थांबावे.

दुसरे विधान अर्धसत्य आहे. बाजेच्या पायावर किंवा तागाच्या पोत्यावर ओरबाडताना नखाचे जुने आवरण गळते आणि खालून अधिक अणकुचीदार टोक निघते, म्हणजे झीज कमी आणि धारच जास्त. पुढच्या पायाचे आतल्या बाजूचे नख तर जमिनीला टेकतच नाही; म्हाताऱ्या मांजरात ते वळून तळव्यात रुतते. मात्र शेतात, आखाड्यावर हिंडणाऱ्या मांजराची नखे खरोखरच कापू नयेत, कारण कुत्रा मागे लागल्यावर लिंबावर चढायला त्याला तीच लागतात.

सर्वांत घातक तिसरा सल्ला. मांजरी पिल्लाला मानगुटीला धरून नेते, यावरून मोठ्या मांजरालाही तसेच धरावे, असा निष्कर्ष काढला जातो. पण तसे धरलेले मोठे मांजर निपचित पडते ते बहुधा भीतीने, आणि पुढच्या वेळी नेलकटर दिसताच पळते. सहसा पुढच्या पायांना पाच-पाच आणि मागच्यांना चार-चार, अशी 18 नखे असतात. ती एकाच बैठकीत संपवण्याचा अट्टहास कशासाठी? आधी काही दिवस नुसता पंजा हातात घ्यावा, गादी हलकेच दाबून नख बाहेर आणावे, सोडून द्यावे आणि लगेच आवडीचा घास द्यावा. उन्हाळ्यात दुपारी कूलरपुढे पेंगणारे मांजर यासाठी उत्तम. मग धारदार नेलकटरने (बोथट पात्याने नख चिरडते) दिवसाला एक-दोन नखे कापावीत आणि शेपूट आपटू लागले किंवा कान मागे पडले की थांबावे. दोन-तीन आठवड्यांनी वाढ पाहून पुन्हा हाती घ्यावे. चुकून रक्त आलेच तर कॉर्नफ्लॉवर लावून काही मिनिटे दाबून धरावे. तरीही थांबले नाही तर पशुवैद्यकाकडे न्यावे.

राहिली ओरखड्याची भीती. कापलेल्या नखानेही कातडी फाटते, आणि मांजर पंजे चाटत असल्याने रेबीजचा धोका नख लहान केल्याने टळत नाही. म्हणून मांजराला रेबीजची लस वेळेवर द्यावी, आणि ओरखडा उठल्यास जखम साबण व वाहत्या पाण्याने 15 मिनिटे धुऊन त्याच दिवशी डॉक्टरांना दाखवावी.