‘वाळूची गाडी धरली म्हणजे गेलीच’ हे खरं नाही

ट्रॅक्टर-टिप्पर मालकांच्या ग्रुपवर एक मेसेज सारखा फिरतोय. त्याचं म्हणणं असं: महसूलने वाळूची गाडी धरली की ती सरकारजमा, पाचपट दंड भरल्याशिवाय सुटत नाही, सोडायचं की नाही ते तहसीलदार ठरवतात, आणि फारच अडलं तर सुप्रीम कोर्टाचा निकाल दाखवा, कोर्ट फुकट गाडी सोडतं. तालुक्याच्या कोर्टात मी ही प्रकरणं चालवतो. यातलं एकही वाक्य बरोबर नाही, आणि त्यावर विसंबून लोकांचं भरून न येणारं नुकसान होतंय.

पहिलं, सरकारजमा. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचं कलम 48(8) सांगतं की जप्त केलेली गाडी 48 तासांच्या आत जिल्हाधिकाऱ्यांपुढे किंवा त्यांनी अधिकार दिलेल्या, किमान उपजिल्हाधिकारी दर्जाच्या अधिकाऱ्यापुढे हजर करायची. मालकाने ठरलेला दंड भरला आणि वैयक्तिक बंधपत्र दिलं, की तो अधिकारी गाडी सोडू शकतो. म्हणजे सुटकेची वाट कायद्यातच लिहिलेली आहे.

यातच तहसीलदारांच्या मुद्द्याचं उत्तर आलं. अधिकार दिलेले तहसीलदार गाडी जप्त करू शकतात, खनिजाचा दंड लावू शकतात. गाडी सोडण्यासाठीचा दंड ठरवणं मात्र त्यांचं काम नाही. मुंबई उच्च न्यायालयाने याच कारणावरून तहसीलदारांचे आदेश रद्द केले आहेत. म्हणून अर्ज कोणाच्या नावाने करताय ते आधी बघा. आदेश चुकीचा वाटला तर कलम 247 खाली अपील आहे. जिल्हाधिकाऱ्यांपेक्षा खालच्या अधिकाऱ्याच्या आदेशावर मुदत 60 दिवसांची.

सगळ्यात जास्त घोळ ‘पाचपट’चा. दंड दोन आहेत आणि मेसेजने ते एकात कालवलेत. खनिजाचा दंड कलम 48(7) चा: बाजारभावाच्या पाचपटीपर्यंत. ‘पर्यंत’ हा शब्द कायद्यातला आहे. तो ब्रासवर (एक ब्रास म्हणजे 100 घनफूट) निघतो, म्हणून पंचनाम्याच्या वेळी टेप लावून मोजायला सांगा. ट्रॉली 10 फूट लांब, 6 फूट रुंद आणि वाळू 2 फूट उंच भरली असेल तर 120 घनफूट, म्हणजे 1.2 ब्रास. पंचनाम्यात अंदाजे 2 ब्रास लिहून घेतलेले मी पाहिलेत, आणि त्यावर मालकाची निमूट सही! गाडीचा दंड वेगळा. 2018 च्या अधिसूचनेने तो ट्रॅक्टरला 1 लाख आणि ट्रकला 2 लाख ठरवला. सुटकेच्या तरतुदीत हा दंड आणि बंधपत्र या दोनच अटी आहेत.

ते बंधपत्र वाचून सही करा. ही गाडी पुन्हा अवैध उपशाला वापरणार नाही, असं तुम्ही लिहून देता, आणि त्याची रक्कम गाडीच्या बाजारभावाइतकी असू शकते. सुटल्यावर दुसऱ्या रात्री तीच गाडी नदीपात्रात घालणाऱ्याची वकिली मला करायची नाही. आमच्या नदीकाठच्या विहिरी आटताना मी बघतोय.

आता सुप्रीम कोर्ट. निकाल 2002 चा, सुंदरभाई अंबालाल देसाई यांच्या खटल्यातला. पोलिसांनी जप्त केलेला मुद्देमाल ठाण्यात कुजवत ठेवू नका, असं त्यात सांगितलंय. वाळूचोरीचा गुन्हा दाखल असेल आणि गाडी पोलिसांकडे असेल, तर दंडाधिकाऱ्यांकडे अर्ज करताना तो नक्की जोडा; पूर्वीच्या फौजदारी प्रक्रिया संहितेतल्या कलम 451 आणि 457 ऐवजी आता भारतीय नागरिक सुरक्षा संहितेची कलमं 497 आणि 503 लिहा. तिथेही बंधपत्र द्यावंच लागतं. जप्ती फक्त महसूलची असेल तर हा निकाल दाखवून दंड माफ होत नाही.

एका शेतकऱ्याने हाच मेसेज खरा मानून आठ महिने अर्जच केला नाही. ‘गेलीच आहे वकीलसाहेब, कशाला कागद रंगवायचे,’ म्हणाला. ट्रॅक्टर सुटला तेव्हा पुढच्या चाकांभोवती गुडघाभर गवत होतं, वायरिंग उंदरांनी कुरतडलं होतं, बॅटरी नव्हती. बॅटरीची भरपाई मागायला गेलो, तर जप्तीच्या पंचनाम्यात बॅटरीचा उल्लेखच नाही. त्यामुळे जप्त गाडी आवारात लावतानाच पंचनाम्यात टायर, बॅटरी, स्टेपनी लिहून घ्या आणि चारही बाजूंनी फोटो काढून ठेवा.