अश्व : चांदणी

भाच्याच्या पहिल्या गाण्याचा व्हिडिओ नुकताच प्रसिद्ध झाला. त्याच्या शेवटी सरकत जाणाऱ्या श्रेयनामावलीत ‘अश्व : चांदणी’ अशी एक स्वतंत्र ओळ आहे, आणि गाणेभर व्हायोलिन वाजवणारा मी ‘आणि इतर’ या दोन शब्दांत सामावलेलो आहे. त्या दोन शब्दांत चहा आणणारा मुलगा आणि जनरेटर भाड्याने देणारे गृहस्थही आहेत. त्यांच्याविषयी माझी काही तक्रार नाही. तक्रार घोडीविषयी आहे.

गाणे ‘बरोक पॉप’ या जातीचे आहे. शब्द आणि ठेका आजचा, आणि भोवती जुन्या युरोपीय दरबारात शोभावीत अशी व्हायोलिने, चेलो आणि हार्पसिकॉर्ड. हार्पसिकॉर्डची पट्टी दाबली की आत तार छेडली जाते, पियानोसारखा हातोडा पडत नाही. त्यामुळे कितीही जोर लावला तरी आवाज जवळजवळ तेवढाच येतो. भाच्याने हे वाद्य कीबोर्डातून काढले, आणि त्यात मला काही गैर वाटले नाही, कारण बीटल्स या इंग्लिश बँडचे निर्माते जॉर्ज मार्टिन यांनीही १९६५ मध्ये त्या बँडच्या एका गाण्यासाठी साधा पियानो निम्म्या वेगाने वाजवून मुद्रित केला आणि मग टेप पूर्ण वेगाने फिरवून हार्पसिकॉर्डचा भास निर्माण केला होता. पुढच्याच वर्षी बीटल्सच्याच ‘एलिनॉर रिग्बी’ या गाण्यासाठी त्यांनी आठ तंतुवादक बोलावले आणि माइक तारांच्या इतक्या जवळ लावले गेले की वादक खुर्च्या मागे सरकवू लागले. भाच्याकडे वादक एकच असल्यामुळे त्याने माझ्याकडूनच तो भाग पुनःपुन्हा वाजवून घेऊन आठ जण तयार केले; माझी खुर्ची आधीच भिंतीला टेकलेली असल्याने मागे सरकण्याची सोय नव्हती.

व्हिडिओसाठी त्याचा आदर्श होता बीटल्सच्याच ‘पेनी लेन’ या गाण्याचा १९६७ मधला व्हिडिओ. पीटर गोल्डमन या स्वीडिश दिग्दर्शकाने इंग्लंडमधल्या केंट परगण्यात, नोल पार्क येथे केलेल्या त्या चित्रीकरणात चौघे बीटल्स घोड्यांवरून मैदानात मांडलेल्या मेजापाशी येतात आणि पांढरे केसांचे टोप घातलेले सेवक त्यांच्या हाती वाद्ये देतात. आमच्याकडे नोल पार्कच्या जागी शनिवार पेठेतला एका वाड्याचा चौक होता, सेवकाच्या जागी मी होतो, आणि चार घोडे परवडत नसल्यामुळे वरातीची एक घोडी आणली होती.

घोडीवाल्याने आल्या आल्या विचारले, “नवरदेव कुठाय?”

नवरदेव नाही, गाण्याचे शूटिंग आहे, असे भाच्याने सांगितले. “असू दे,” घोडीवाला समजुतीने म्हणाला, “पण बसणार कोण?” भाचा पुढे झाला. घोडीवाल्याने त्याच्या डोक्यावरचा कापसाचा टोप समोरून पाहिला, मागे जाऊन पाहिला आणि म्हणाला, “साहेब, घोडी फेट्याच्या सवयीची आहे. हे मेंढरू डोक्यावर घेऊन बसलात आणि तिनं पाडलं, तर मला बोलायचं नाही.” तेव्हा टोपावर फेटा बांधण्यात आला, आणि अठराव्या शतकातला तो उमराव कोल्हापूरकडचा दिसू लागला.

मग स्पीकरवर गाणे सुरू झाले. हार्पसिकॉर्ड वाजत राहिले आणि चांदणी डोळे मिटून उभी राहिली. घोडीवाला म्हणाला, “तिला कळत नाही हे. बँड कुठाय?” बँड नव्हता. शेवटी त्याने स्वतःच्या मोबाइलवर वरातीचे एक गाणे लावले, त्याबरोबर ती मोठ्या डौलाने निघाली आणि जरा पुढे जाऊन पुन्हा थांबली. “आता ओवाळायचं,” तो म्हणाला. कोणीतरी तिच्या तोंडावरून नोट ओवाळून घोडीवाल्याच्या हातावर ठेवल्याखेरीज ती पाऊल उचलीना. दरबारी पोशाखाला खिसे नसल्यामुळे भाच्याजवळ पैसे नव्हते; नोटा माझ्या गेल्या, आणि चौकाची रुंदी लक्षात घेता त्या बऱ्याच गेल्या. मध्येच घोडीवाल्याने आपुलकीने मला विचारले, “तुम्ही मुलाकडचे का मुलीकडचे?”

माझ्या वाट्याला अभिनयही होता. मूळ ध्वनी नंतर जोडायचा असल्याने चित्रीकरणात व्हायोलिनचा आवाज नको होता, म्हणून मला राळ न लावलेला गज दिला गेला. असा गज तारेवरून नुसता घसरतो, स्वर निघत नाही. तो हातात घेऊन चेहऱ्यावर भाव आणत मी उभा होतो. ‘पेनी लेन’मधला उंच स्वरांचा ट्रम्पेट वाजवणारे डेव्हिड मेसन निदान खरे वाजवण्यासाठी तरी बोलावले गेले होते. जानेवारी १९६७ मध्ये बीटल्समधल्या पॉल मॅकार्टनींनी त्यांना बीबीसीवर जुने जर्मन संगीतकार बाख यांचा दुसरा ब्रँडनबर्ग कॉन्चेर्तो वाजवताना पाहिले, आणि काही दिवसांतच मेसन नऊ ट्रम्पेट घेऊन स्टुडिओत हजर झाले. मॅकार्टनी गाऊन दाखवत आणि मार्टिन ते लिहून घेत. मानधन २७ पौंड १० शिलिंग. तबकडीवर नाव नाही. आपल्याकडे मुंबईच्या चित्रपटसंगीतात गोव्याच्या किती व्हायोलिनवादकांनी आयुष्ये घालवली, पण पडद्यावर नाव बहुधा संगीतकाराचेच आले. माजोर्ड्याच्या अँथनी गोन्साल्विस यांचे नाव घरोघरी पोहोचले तेही १९७७ मध्ये, त्यांचे शिष्य प्यारेलाल यांच्या गाण्यातून, आणि ते नाव एका खऱ्या वादकाचे आहे हे ऐकणाऱ्यांपैकी फार थोड्यांना ठाऊक होते. मला कुणी शिष्य नाही.

शेवटच्या मिक्सिंगमध्ये माझे व्हायोलिन इतके मागे गेले आहे की ते कुठे आहे हे माहीत असलेल्यालाच ऐकू येते. टापांचा आवाज मात्र ठेवला आहे, कारण तो ‘लयीत बसतोय’. पैशांचा विषय निघाला तेव्हा भाचा म्हणाला, “मामा, तुला काय द्यायचे? तू तर घरचाच.” घोडीवाल्याने अर्धी रक्कम आगाऊ घेतली होती आणि उरलेली घोडी टेम्पोत चढण्यापूर्वी मोजून घेतली, हे मी जवळून पाहिले होते.

आता दुसऱ्या गाण्याची तयारी चालली आहे आणि त्यात मेसनसारखा ट्रम्पेट हवा आहे. कुणी हौसेने वाजवून देईल का, असे भाच्याने काल विचारले. मी त्याला घोडीवाल्याचा नंबर दिला. त्याच्या ओळखीत बँडवाले आहेत, आणि त्यांचे दर ठरलेले आहेत.